आपल्या इतिहासाचे चिनी साक्षीदार आणि आपली कोरी वही



यंदाच्या वर्षावासात शिरूर कासार तालुक्यातल्या एका विहारात 'भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाचे वाचन सुरू होते. वाचन संपल्यावर बारावीत शिकणारा एक मुलगा मागे थांबला आणि त्याने मोबाइल पुढे केला. वर्गातल्या ग्रुपवर कुणीतरी पोट सुटलेल्या, हसणाऱ्या मूर्तीचा फोटो टाकला होता आणि खाली लिहिले होते, "तुमचा देव चिनी, तुमचा धर्म चिनी, मग राहता कशाला इथे?" त्याला उत्तर द्यायचे होते. शेजारच्या दोघांनी शिवीला शिवी हा मार्ग सुचवला. आम्ही म्हटले, थांबा. चीनचा आणि आपला संबंध काय, हे आपल्यालाच नीट माहीत आहे का? तिथून पुढचे तीन रविवार आमचा अभ्यासवर्ग याच प्रश्नावर चालला.

हा प्रश्न एका मुलापुरता नाही. चीन सतत बातम्यांत आहे. २०२० मध्ये गलवानला आपले वीस जवान शहीद झाले. ऑक्टोबर २०२५ मध्ये दोन्ही देशांतली थेट विमानसेवा पुन्हा सुरू झाली. जुलै २०२५ मध्ये दलाई लामांनी नव्वदी पूर्ण केली आणि त्यांचा वारस कोण ठरवणार यावरून बीजिंगने पुन्हा आपला हक्क सांगितला. पिपरहव्याच्या स्तूपात बुद्धांच्या अस्थींसोबत सापडलेली रत्ने मे २०२५ मध्ये हाँगकाँगच्या लिलावात निघाली होती. भारताच्या नोटिशीनंतर लिलाव थांबला आणि जुलैअखेर ती रत्ने मायदेशी आली. यातली कुठलीही बातमी आली की गावातल्या बौद्ध तरुणाकडे कुणीतरी वळून बघतेच. म्हणून हा विषय परराष्ट्र धोरणाच्या तज्ज्ञांवर सोडून आपल्याला चालणार नाही.

तो बुद्ध नव्हेच

आधी त्या फोटोचे पाहू. तो 'लाफिंग बुद्ध' म्हणजे सिद्धार्थ गौतम नव्हे. दहाव्या शतकाच्या सुरुवातीला चीनमध्ये बुदाई नावाचा एक फिरता भिक्खू होऊन गेला अशी परंपरा आहे. बुदाई म्हणजे कापडी पिशवी. खांद्यावर पिशवी, मोठे पोट आणि चेहऱ्यावर हसू. लोकांनी त्याला पुढे भावी बुद्ध मैत्रेयाचे रूप मानले. आपल्याकडे ती मूर्ती फेंगशुईच्या दुकानातून आली. पोट चोळले की पैसा येतो, या समजुतीचा बुद्धाच्या शिकवणीशी काडीचा संबंध नाही. तरीही आपल्याच समाजात वास्तूच्या कार्यक्रमाला ही मूर्ती भेट दिली जाते आणि ती तथागतांच्या मूर्तीशेजारी ठेवली जाते. समोरच्याने तो फोटो टाकला ही त्याची चूक. पण तो बुद्ध नाही हे आपल्या मुलाला सांगता आले नाही, ही आपली.

धम्माची दिशाही उलटी सांगितली जाते. धम्म चीनमधून इथे आलेला नाही, तो इथून तिथे गेला. दुसऱ्या शतकाच्या मध्यावर लोयांग शहरात आन शिगाव हा पार्थियन, म्हणजे आजच्या इराणकडचा भिक्खू बौद्ध ग्रंथांचे भाषांतर करत होता. पाचव्या शतकाच्या आरंभी कुमारजीव चांगआनला पोहोचला. त्याचे वडील भारतीय वंशाचे आणि आई मध्य आशियातल्या कुचा राज्याची राजकन्या. त्याने केलेली भाषांतरे चीन, कोरिया आणि जपानमध्ये आजही वाचली जातात.

लिहून ठेवणारा समाज

धम्म चीनला गेला, पण तो तिथे टिकला कशामुळे? इथे प्राचीन चिनी संस्कृतीची एक गोष्ट समजून घ्यावी लागते. तो समाज लिहून ठेवणारा होता.

आन्यांग इथे सापडलेल्या सुमारे बत्तीसशे वर्षांपूर्वीच्या हाडांवर आणि कासवांच्या कवचांवर प्रश्न कोरलेले आहेत. पाऊस पडेल का, लढाई जिंकू का, राणीचे बाळंतपण सुखरूप होईल का? श्रद्धा भोळी होती, पण नोंद पक्की होती. इसवी सनपूर्व २२१ मध्ये छिन सम्राटाने सगळी राज्ये एक केली आणि लिपीही एक केली. त्याच सम्राटाने इसवी सनपूर्व २१३ मध्ये नको असलेले ग्रंथ जाळण्याचा हुकूम काढला. पुढे हान काळात सिमा छ्यान हा इतिहासकार झाला. सम्राटाची मर्जी गेली आणि त्याला लिंगच्छेदाची शिक्षा झाली. त्या काळी अशी माणसे अपमान टाळण्यासाठी जीव देत. हा मात्र जगला, कारण हाती घेतलेला इतिहास अपुरा होता. त्याने तो पुरा केला. इसवी सन १०५ मध्ये त्साय लुन या अधिकाऱ्याने सुधारलेला कागद दरबारात सादर केला आणि लिहिणे स्वस्त होत गेले.

बौद्धांनी या सवयीचा पुरेपूर उपयोग केला. भाषांतर हे एकट्याचे काम नसे. एक जण मूळ वाचणार, दुसरा अर्थ सांगणार, तिसरा लिहून घेणार, चौथा तपासणार, अशी मंडळे असत. तारीख असलेले जगातले सर्वात जुने छापील पुस्तक कोणते, असे स्पर्धा परीक्षेत विचारले जाते. ते आहे वज्रच्छेदिका सूत्राचे चिनी भाषांतर. तारीख ११ मे ८६८. दुनहुआंगच्या लेण्यांत ते सापडले आणि आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. वांग च्ये नावाच्या माणसाने आईवडिलांच्या नावे, सर्वांना फुकट वाटण्यासाठी ते छापून घेतले, अशी नोंद त्यावरच आहे. त्या शतकात आपल्याकडे शूद्राने वेद ऐकायचा की नाही यावर धर्मशास्त्रे बोलत होती.

याचा फायदा आपल्याला झाला. अश्वघोषाच्या 'बुद्धचरित' काव्याचे अठ्ठावीस सर्ग होते. संस्कृतात त्यांतला निम्मा भागच हाती राहिला, पण चिनी आणि तिबेटी भाषांतरांत ते पूर्ण आहे. जातीच्या उच्चनीचतेवर घाव घालणारी 'वज्रसूची' दहाव्या शतकात चिनी भाषेत गेली. पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजात शिकवलेले प्रा. पु. वि. बापट चिनी शिकले आणि तिथल्या भाषांतरांवरून पाली ग्रंथ ताडून पाहण्यात त्यांनी आयुष्य घालवले. जपानी विद्वान हिराकावा यांच्यासोबत त्यांनी विनयावरील अट्ठकथेच्या चिनी रूपाचे इंग्रजी भाषांतर केले आणि ते १९७० मध्ये पुण्याच्या भांडारकर संस्थेने छापले. आपल्या किती तरुणांना हे नाव माहीत आहे?

आपल्या महाराष्ट्राबद्दल काय लिहिले?

युआन श्वांग, म्हणजे जुन्या पुस्तकांतला ह्युएन त्संग, देशाबाहेर जायला बंदी असताना चीनमधून निघाला. भारतभर फिरून ६४५ मध्ये तो परतला, तेव्हा वीस घोड्यांवर ६५७ ग्रंथ होते. ६६४ मध्ये मरेपर्यंत त्याने ७५ ग्रंथांची भाषांतरे केली.

६४१ च्या आसपास तो महाराष्ट्रात आला. राजा दुसरा पुलकेशी. इथली माणसे साधी, सरळ आणि मानी. उपकार विसरत नाहीत आणि अपमानही विसरत नाहीत, असे तो सांगतो. उत्तरेचा सम्राट हर्ष यांना जिंकू शकला नाही, हेही सांगतो. मराठी पाठ्यपुस्तकांत एवढे येते. त्याच्या नोंदीतला पुढचा भाग मात्र भाषणांत फारसा ऐकू येत नाही. महाराष्ट्रात शंभरावर संघाराम आणि सुमारे पाच हजार भिक्खू होते. राजधानीच्या आत-बाहेर अशोकाने बांधलेले पाच स्तूप होते. देवांची मंदिरेही शंभराच्या घरात होती. राज्याच्या पूर्वेला डोंगराच्या कपारीत एक मोठा संघाराम आहे, तो अचल नावाच्या अर्हताने उभारला आणि दाराबाहेर दगडी हत्ती आहेत, असे वर्णन तो करतो. अजिंठ्याच्या २६ क्रमांकाच्या लेण्यातील शिलालेखात स्थविर अचलाचे नाव आहे. १६ क्रमांकाच्या लेण्याच्या पायथ्याला दगडी हत्ती आजही उभे आहेत.

आमच्याकडून पहाटे गाडी काढली तर अजिंठा बघून रात्री परत येता येते. मराठवाड्यातला धम्म १९५६ मध्ये अचानक उगवला असे मानणाऱ्यांनी, आपल्यातल्यांनी आणि बाहेरच्यांनीही, हे लक्षात ठेवावे. बाबासाहेबांनी आपल्याला परक्या घरात नेले नाही. आपल्याच मातीत गाडलेल्या घराचे दार त्यांनी उघडून दिले.

बाबासाहेबांनी ही साक्ष कशी वापरली?

या प्रवाशांच्या नोंदी आपल्यासाठी का मोलाच्या आहेत, याचा सर्वात मोठा पुरावा १९४८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या बाबासाहेबांच्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात आहे. अस्पृश्यता नेमकी कधी सुरू झाली, हा तिथला प्रश्न आहे. ती अनादी आहे असे म्हणणाऱ्यांना उत्तर द्यायचे तर तारीख काढावी लागते. आपल्याकडच्या धर्मग्रंथांना तारीख नाही. तारीख आहे ती चिनी प्रवाशांच्या नोंदींना.

फाहियान ३९९ मध्ये चीनहून निघाला. चांडाळ वस्तीबाहेर राहतात आणि नगरात किंवा बाजारात शिरताना लाकूड वाजवून आपली चाहूल देतात, म्हणजे लोक बाजूला होतात, असे तो लिहितो. अडीच शतकांनी आलेला युआन श्वांग म्हणतो, खाटीक, मच्छीमार, नट, फाशी देणारे आणि सफाई करणारे यांच्या घरांना खूण असते, त्यांना गावाबाहेर राहावे लागते आणि रस्त्याने डाव्या कडेने चोरटे चालावे लागते.

वरवर पाहता दोन्ही नोंदी सारख्याच. एखाद्या वक्त्याने दोन्ही एका दमात सांगून टाळ्या घेतल्या असत्या. बाबासाहेबांनी तसे केले नाही. फाहियानची नोंद फक्त चांडाळांपुरती आहे आणि चांडाळांबद्दलचा ब्राह्मणांचा तिटकारा आधीपासूनचा आहे, म्हणून तेवढ्यावरून अस्पृश्यता सिद्ध होत नाही, असे त्यांनी म्हटले. आपल्या सोयीची वाटणारी साक्ष त्यांनी बाजूला ठेवली. युआन श्वांगची नोंद चांडाळांपलीकडच्या समूहांनाही लागू पडते, म्हणून ती त्यांनी अधिक वजनाची मानली. मनुस्मृतीच्या काळी अपवित्रता होती पण अस्पृश्यता नव्हती, युआन श्वांगच्या काळी ती दिसते, आणि मध्ये चौथ्या शतकात गुप्त राजांनी गोवध हा गुन्हा ठरवला. हे सगळे जोडून त्यांनी इसवी सन ४०० च्या आसपासचा काळ काढला. आपला सिद्धांत अंतिम असल्याचा दावाही त्यांनी केला नाही. पुढच्या अभ्यासकांनी वेगवेगळे काळ सुचवले आहेत, ती चर्चा चालूच राहील. पण एक गोष्ट त्या तारखेने कायमची साधली. ज्याला सुरुवात आहे ते देवाने दिलेले नसते, माणसाने केलेले असते. आणि माणसाने केलेले माणसाला मोडता येते.

आमच्या अभ्यासवर्गात हा भाग वाचला तेव्हा तो बारावीचा मुलगा म्हणाला, "म्हणजे आपल्याला गावाबाहेर कधी काढले, हे परदेशी पाहुण्याने लिहून ठेवले म्हणून कळले." त्याच्या या वाक्यात या लेखाचे सार आले आहे.

बोधगयेचा लढा आणि कागद

फेब्रुवारी २०२५ पासून महाबोधी महाविहार मुक्तीचे आंदोलन नव्याने पेटले. आमच्या तालुक्यातूनही निवेदने गेली. १९४९ च्या कायद्याने व्यवस्थापन समितीत चार बौद्ध, चार हिंदू आणि अध्यक्ष जिल्हाधिकारी अशी रचना केली. जिल्हाधिकारी हिंदू नसेल तर सरकारने हिंदू अध्यक्ष नेमावा, अशीही तरतूद त्यात होती. ती २०१३ मध्ये बदलली गेली. समितीची रचना मात्र तशीच आहे.

या लढ्यात घोषणांइतकेच कागदांना मोल आहे. युआन श्वांगने महाविहाराची उंची, बोधिवृक्षाभोवतीची भिंत आणि उत्तर दाराबाहेर सिंहलच्या राजाने बांधलेला संघाराम यांचे वर्णन केले आहे. शशांक राजाने बोधिवृक्ष तोडला आणि बुद्धमूर्ती हलवण्याची आज्ञा दिली, हेही त्याने नोंदवले आहे. अकराव्या शतकात आलेल्या चिनी भिक्खूंचे शिलालेख बोधगयेतच सापडले. एकोणिसाव्या शतकात कनिंगहॅमने युआन श्वांगच्या प्रवासवर्णनाचे फ्रेंच भाषांतर हाती धरून नालंदा, श्रावस्ती, कुशीनगर ही स्थळे शोधली. तो कागद नसता तर यांतल्या किती जागा आज केवळ मातीचे ढिगारे असत्या?

इथेही सावधगिरी हवी. चिनी साक्षीदार देव नव्हेत. युआन श्वांग चमत्कारांच्या कथाही तेवढ्याच भक्तीने लिहितो. हर्ष त्याचा आश्रयदाता आणि शशांक हर्षाचा शत्रू, हेही वाचताना विसरता येत नाही. कपिलवस्तू कुठे, याबाबत फाहियान आणि युआन श्वांग यांची अंतरे आणि दिशा जुळत नाहीत. म्हणून पिपरहवा की नेपाळातले तिलौराकोट, हा वाद शंभरावर वर्षे चालू आहे. आपल्या ग्रुपवर युआन श्वांगच्या नावाने फिरणारी कितीतरी वाक्ये त्याची नाहीतच. खोटे वाक्य एकदा पकडले गेले की आपली दहा खरी वाक्येही संशयात सापडतात.

प्राचीन चीन वेगळा, आजची सत्ता वेगळी

आता अवघड भाग. चिनी भिक्खूंचे ऋण मानणे म्हणजे आजच्या चिनी सरकारची बाजू घेणे नव्हे. ही रेषा बाबासाहेबांनी स्वतः आखून दिली आहे. २६ ऑगस्ट १९५४ रोजी राज्यसभेत बोलताना त्यांनी चीनसोबतच्या पंचशील कराराच्या भरवशावर राहण्यावर टीका केली. पंचशील हा बुद्धाच्या शिकवणीचा भाग आहे आणि माओंचा त्यावर विश्वास असता तर त्यांनी आपल्या देशातल्या बौद्धांना वेगळे वागवले असते, असा त्यांचा मुद्दा होता. आठ वर्षांनी, १९६२ मध्ये काय झाले ते देशाने पाहिले.

आजही बीजिंग एकीकडे बौद्ध परिषदा भरवते आणि दुसरीकडे दलाई लामांचा वारस सरकारच्या मान्यतेनेच ठरेल म्हणते. त्यासाठी १७९३ मधल्या सोन्याच्या कलशाच्या प्रथेचा दाखला दिला जातो. धर्माचा वापर राजकारणासाठी तिथेही होतो आणि इथेही. बुद्धाच्या भूमीचा अभिमान परदेशात मिरवणाऱ्या आपल्या सरकारला बोधगयेतल्या बौद्धांचा हक्क मात्र आठवत नाही. दोन्ही सरकारांना एकच मोजपट्टी लावू.

प्राचीन चीनही स्वर्ग नव्हता. थांग राजवटीच्या कायद्यात 'चांगले' आणि 'हीन' असे माणसांचे वर्ग होते. ८४५ मध्ये वूचुंग सम्राटाने ४,६०० विहार पाडले आणि अडीच लाखांवर भिक्खू-भिक्खुणींना चीवर उतरवायला लावले. तरी धम्म तिथे उरला, कारण ग्रंथ असंख्य हातांत होते. आपल्याकडे नालंदा गेली आणि ग्रंथही गेले. विहार पडतात. प्रत जितक्या घरांत असते तितकी ती वाचते.

आपली वही कोरी का?

आता सिंदफणेच्या काठावर परत येऊ. आमचा तालुका ऊसतोड मजुरांचा. दसरा-दिवाळी झाली की मुकादमाची उचल घेतलेली जोडपी कोयता घेऊन पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात जातात, पाडव्याच्या सुमारास परततात. दरवर्षी सहा महिने निम्मे गाव प्रवासात असते. फाहियानने तेरा-चौदा वर्षांच्या प्रवासाचे पुस्तक लिहिले. आमच्या आयाबाया तीस-तीस हंगाम फिरल्या, त्यांचे एक पानही लिहिलेले नाही.

न लिहिण्याची किंमत काय असते, हे बीड जिल्ह्याने पाहिले आहे. ऊसतोड बायांची गर्भाशये काढली जातात, हे गावागावात वर्षानुवर्षे माहीत होते. २०१९ मध्ये शासनाच्या समितीने ८२ हजारांवर महिलांची पाहणी केली आणि १३ हजारांवर महिलांची गर्भाशये काढल्याचे आढळले, तेव्हा कुठे तो 'प्रश्न' झाला. जे कुजबुजीत राहते त्याला कुणी उत्तर देत नाही. जे आकड्यात आणि तारखेत येते त्याला द्यावे लागते.

म्हणून आमच्या अभ्यासवर्गाने तीन गोष्टी ठरवल्या आहेत. प्रत्येक गावच्या विहारात त्या करता येतील. पहिली, विहारात एक वही. १९५६ नंतर गावात धम्मदीक्षा कधी आणि कशी झाली, विहाराची जागा कशी मिळाली, नामांतराच्या काळात वस्तीवर काय घडले, हे म्हातारी माणसे आहेत तोवर तारीख, वार आणि सांगणाऱ्याच्या संमतीने लिहून घ्यायचे. दुसरी, हंगामावरून परतणाऱ्या टोळ्यांकडून किती दिवस काम, किती उचल, किती फिटली, मुलांची शाळा किती बुडाली, याची नोंद. तिसरी, ग्रुपवर कुठलेही ऐतिहासिक वाक्य पुढे पाठवण्यापूर्वी ते कोणत्या ग्रंथात आहे हे विचारायचे. उत्तर मिळाले नाही तर ते तिथेच थांबवायचे.

वर्षावास हा यासाठी उत्तम काळ. त्या तीन महिन्यांत माणसे गावात असतात. सातव्या शतकात आलेला तिसरा चिनी भिक्खू, इत्सिंग, नालंदेत सुमारे दहा वर्षे राहिला. त्याने भारतातल्या भिक्खूंचा वर्षावास कसा चालतो, अंघोळ कशी करतात, जेवण कसे वाढतात, इतके बारीक लिहून ठेवले. त्याला ते क्षुल्लक वाटले नाही. आपल्यालाही आपले जगणे क्षुल्लक वाटू नये.

त्या बारावीच्या मुलाने शेवटी ग्रुपवर चार ओळींचे उत्तर टाकले. मूर्ती कुणाची, धम्म कुठून कुठे गेला, अजिंठा कुठे आहे, आणि शेवटी, 'आम्ही इथलेच'. शिवी एकही नाही. ग्रुपवर त्यापुढे कुणी काही लिहिले नाही. आता विहारातल्या वहीचे पहिले पान तोच लिहितो आहे, त्याच्या आजीच्या तोंडून.

जय भीम!